जपानची इलेक्ट्रॉनिक्समधली आघाडी नेमकी कशामुळे गेली?

सांजवारा (प्रश्न)

गेल्या आठवड्यात वडिलांचा १९८४ सालचा टू-इन-वन साफसफाईसाठी उघडला. मागचे झाकण काढल्यावर आतली रचना पाहून काही वेळ मी तसाच बसून राहिलो. प्रत्येक वायर वळणापाशी नीट बांधलेली होती, सर्किट बोर्डावर प्रत्येक सुट्या भागाशेजारी त्याचा क्रमांक सुवाच्य छापलेला होता आणि सोल्डरचा एकही थेंब जास्तीचा सांडलेला नव्हता. कॅसेटचा रबरी पट्टा तेवढा सैल पडला होता. तो बदलल्यावर यंत्र पुन्हा वाजू लागले. झाकणाच्या आतल्या बाजूला, जिथे गिऱ्हाइकाची नजर कधीच जाणार नाही, तिथेही 'मेड इन जपान' अशी अक्षरे उमटवलेली आहेत.

त्याच खोलीत आज असलेल्या टीव्हीवर, लॅपटॉपवर आणि फोनवर एकही जपानी नाव नाही. उत्सुकता वाटली म्हणून थोडे वाचन केले. १९८८ साली जगातल्या सेमीकंडक्टरच्या, म्हणजे चिप्सच्या, विक्रीपैकी निम्मा वाटा जपानी कंपन्यांचा होता आणि २०१९ साली तो सुमारे एक दशांशावर आला होता, असे जपान सरकारच्याच कागदपत्रांत नोंदवलेले आहे. सान्यो पॅनासॉनिकमध्ये विरून गेली, शार्प तैवानच्या फॉक्सकॉनकडे गेली आणि तोशिबाचे नाव डिसेंबर २०२३ मध्ये टोकियोच्या शेअर बाजारावरून उतरले.

याचे उत्तर म्हणून 'कोरिया आणि चीनमध्ये मजुरी स्वस्त होती' एवढेच बहुतेक ठिकाणी सांगितले जाते. मला ते पटत नाही. गिऱ्हाइकाला न दिसणारी बाजूही इतक्या निगुतीने करणाऱ्या लोकांचा धंदा केवळ मजुरीच्या फरकाने बसेल का? अमेरिकेच्या दबावाचा यात कितपत हात होता? की चूक त्यांच्या स्वतःच्याच निर्णयांत होती? ज्यांनी या क्षेत्रात प्रत्यक्ष काम केले आहे त्यांनी कृपया सविस्तर लिहावे.


चिपपरीक्षक

मेमरी चिप्सच्या तपासणीत माझी बावीस वर्षे गेली, त्यामुळे टीव्हीपेक्षा त्या बाजूबद्दलच लिहितो.

मजुरीचा मुद्दा आधी बाजूला ठेवू. चिप बनवण्याच्या कारखान्यात खर्चाचा मोठा भाग यंत्रसामग्रीचा आणि तिच्या घसाऱ्याचा असतो; कामगारांच्या पगाराचा वाटा त्या मानाने लहान असतो. त्यामुळे शर्टाच्या किंवा खेळण्यांच्या धंद्याला लागू पडणारे स्पष्टीकरण डीरॅमला, म्हणजे संगणकाच्या कामचलाऊ मेमरीच्या चिपला, लागू पडत नाही.

जपानने ही आघाडी मिळवली कशी, हे पाहिल्याशिवाय ती गेली कशी हे कळणार नाही. १९७६ ते १९८० या काळात तिथल्या उद्योग मंत्रालयाने फुजित्सू, हिताची, मित्सुबिशी, एनईसी आणि तोशिबा या एकमेकांच्या प्रतिस्पर्धी कंपन्यांना एका संशोधन प्रकल्पात एकत्र आणले. सुमारे ७,००० कोटी येन त्यावर खर्च झाले आणि त्यांतला मोठा हिस्सा सरकारने उचलला. त्याचे फळ लवकरच दिसू लागले. मार्च १९८० मध्ये ह्यूलेट-पॅकार्ड या अमेरिकी कंपनीने आपण विकत घेतलेल्या १६ किलोबिट डीरॅमचे तपासणी-निष्कर्ष जाहीर केले, आणि त्यांत जपानी चिप्स अमेरिकी चिप्सपेक्षा कितीतरी पट कमी बिघडतात असे दिसून आले. अमेरिकी उद्योगाला बसलेला तो धक्का फार मोठा होता. पाच वर्षांनी, १९८५ साली, इंटेलने डीरॅमचा धंदाच सोडून दिला. १९८०च्या दशकाच्या उत्तरार्धात जगातल्या डीरॅमपैकी सुमारे तीन चतुर्थांश जपानी होत्या.

या चिप्स कोणासाठी होत्या, हा माझ्या मते सगळ्यांत महत्त्वाचा आणि सगळ्यांत दुर्लक्षित प्रश्न आहे. त्या मुख्यतः मेनफ्रेम संगणकांसाठी होत्या. बँका, टेलिफोन कंपन्या आणि सरकारी खाती असे संगणक घेत आणि वर्षानुवर्षे वापरत; चिप पंचवीस वर्षे बिघडता कामा नये अशी त्यांची अपेक्षा असे आणि जपानी कंपन्यांनी ती खरोखरच पूर्ण केली. पुढे पर्सनल कॉम्प्युटर आला. तो चार-पाच वर्षांत बदलला जातो, आणि त्याच्या उत्पादकाला पुरेशी टिकणारी, पण स्वस्त आणि भरपूर मिळणारी चिप हवी असते. कोरियाच्या सॅमसंगने १९८३ साली अमेरिकेच्या मायक्रॉनकडून ६४ किलोबिट डीरॅमचे तंत्रज्ञान परवान्याने घेऊन सुरुवात केली आणि १९९२ साली डीरॅममध्ये पहिला क्रमांक गाठला. त्यांनी सुरुवातीपासून या नव्या गिऱ्हाइकाकडे पाहून चिप आखली. उत्पादनातले टप्पे कमी ठेवले, चिपचा आकार लहान ठेवला आणि एका वेफरमधून, म्हणजे चिप्स जिच्यावर बनतात त्या सिलिकॉनच्या चकतीतून, जास्त चिप्स काढल्या. जपानी कारखान्यांतले टप्पे आणि तपासण्या मात्र वाढतच राहिल्या. आपल्या टू-इन-वनच्या झाकणाची आतली बाजू ज्या वृत्तीने केलेली आहे, त्याच वृत्तीने ते पीसीची चिप करत होते, आणि त्या कामाचे पैसे देणारा गिऱ्हाईक आता उरला नव्हता.

दुसरी गोष्ट गुंतवणुकीच्या वेळेची. डीरॅमच्या किमती काही वर्षे चढतात आणि मग कोसळतात. हा फेरा या धंद्याला नेहमीचाच आहे. पुढच्या तेजीत माल विकायचा असेल तर मंदीत, म्हणजे खिशातून पैसा जात असताना, नवा कारखाना उभारावा लागतो. जपानमध्ये चिप हा स्वतंत्र कंपनीचा धंदा नव्हता, तर मोठ्या कंपनीतला एक विभाग होता. हिताची किंवा तोशिबामध्ये त्या विभागाला वीजनिर्मितीची यंत्रे, लिफ्ट आणि रेल्वेचे डबे बनवणाऱ्या विभागांबरोबर पैशासाठी रांगेत उभे राहावे लागे, आणि तोटा सुरू असताना त्या रांगेत त्याचा क्रमांक मागे जाई. सॅमसंगही अनेक धंदे असलेलाच समूह आहे, हे मान्य. पण तिथे निर्णय मालकाच्या हातात होता आणि १९८५-८६च्या मंदीत मोठा तोटा सोसूनही त्यांनी बांधकाम थांबवले नाही.

याचा शेवट एल्पिडा या कंपनीत दिसतो. १९९९ च्या अखेरीस एनईसी आणि हिताची यांनी आपापले डीरॅम विभाग एकत्र करून ती काढली. पुढे २००३ मध्ये मित्सुबिशीचा विभागही तीत आला. दोन घराण्यांचे अभियंते, दोन कार्यपद्धती, पदांची वाटणीही दोन्ही बाजूंना सारखी. पहिली दोन वर्षे या जुळवाजुळवीतच गेली आणि बाजारातला वाटा घसरला. २००९ साली सरकारी मदतीने ती सावरली, पण २७ फेब्रुवारी २०१२ रोजी सुमारे ४४,८०० कोटी येनच्या देण्यासह तिने दिवाळखोरीचा अर्ज केला. जपानी उत्पादन-उद्योगातली तोवरची ती सर्वांत मोठी दिवाळखोरी होती. त्या दिवशी आमच्या प्रयोगशाळेत कोणी फारसे बोलले नाही. एल्पिडाच्या चिप्स आम्ही कित्येक वर्षे तपासल्या होत्या आणि आमच्या नोंदींत त्या चांगल्याच होत्या.


मुक्तअर्थ

वरील प्रतिसाद अतिशय माहितीपूर्ण आहे, तरी त्यात चलनाचा आणि कराराचा उल्लेख राहून गेला आहे. सप्टेंबर १९८५ मध्ये न्यूयॉर्कच्या प्लाझा हॉटेलात डॉलरचा भाव उतरवण्यासाठी पाच देशांचा करार झाला तेव्हा एका डॉलरला सुमारे २४० येन पडत होते. अडीच-तीन वर्षांत हा आकडा १२० ते १३० च्या घरात आला. कारखान्यात काहीही बदललेले नसताना परदेशी गिऱ्हाइकासाठी जपानी मालाची किंमत जवळपास दुप्पट झाली, असा त्याचा अर्थ होतो.

त्याच्या पुढच्याच वर्षी अमेरिका आणि जपान यांच्यात सेमीकंडक्टर करार झाला. जपानी चिप्स ठरावीक किमतीखाली विकल्या जाऊ नयेत आणि जपानच्या बाजारपेठेत परदेशी चिप्सचा वाटा २० टक्क्यांपर्यंत जावा, अशी त्यामागची अपेक्षा होती. ती पूर्ण होत नाही असे म्हणत अमेरिकेने एप्रिल १९८७ मध्ये ३० कोटी डॉलरच्या जपानी मालावर १०० टक्के आयात शुल्क लावले. गंमत वाटावी असा, पण खरा परिणाम असा झाला की किमतीला तळ मिळाल्यामुळे पुढची दोन-तीन वर्षे जपानी कंपन्यांनाच उत्तम नफा झाला. मात्र हा तळ कोरियन कंपन्यांना बंधनकारक नव्हता, आणि जपानी किमतींच्या जरा खाली राहून माल विकण्याची मोकळी जागा त्यांना आयती मिळाली.

तरीही सगळे खापर अमेरिकेवर फोडणे मला योग्य वाटत नाही. करार १९९६ साली संपला आणि खरी पडझड त्यानंतर झाली. दबाव हे कारण असते, तर तो उठल्यावर थोडी तरी उभारी दिसायला हवी होती. एल्पिडाच्या बाबतीत मात्र चलनाचे दुखणे पुन्हा उद्भवले होते, कारण २०११ च्या ऑक्टोबरात डॉलर ७६ येनच्याही खाली गेला होता आणि कोरियाचा वॉन त्याच काळात स्वस्त होता. अशा वेळी निव्वळ कारखान्यातल्या काटकसरीने तो फरक भरून निघणे अशक्य होते.


ओसाकाकर

मी दोन हजारच्या दशकात ओसाका परिसरातल्या एका मोठ्या इलेक्ट्रॉनिक्स कंपनीत दुभाषी म्हणून काम केले. कंपनीचे नाव लिहीत नाही, कारण तिथल्या माणसांनी मला फार आपुलकीने वागवले आणि हे लिहिताना त्यांच्यापैकी कोणाला दोष देण्याचा माझा हेतू नाही.

त्या काळातला एक कागद मला अजून डोळ्यांसमोर दिसतो. परदेशी बाजारासाठी कमी सोयींचा, कमी किमतीचा टीव्ही काढावा असा तो प्रस्ताव होता. जपानी कार्यालयांत असा प्रस्ताव खालून वर फिरतो आणि प्रत्येक संबंधित अधिकारी त्यावर आपला तांबडा शिक्का उमटवतो. या पद्धतीला 'रिंगी' म्हणतात. त्या कागदावर वरच्या बाजूला शिक्क्यांसाठी अकरा चौकटी होत्या. सातव्या चौकटीपाशी दर्जा विभागाने आवाजाच्या तपासणीची एक अट घातली, म्हणून कागद खाली आला. दुसऱ्यांदा रिमोटच्या बटणांच्या आयुष्याबद्दल प्रश्न निघाला, म्हणून पुन्हा खाली आला. दोन्ही शंका रास्त होत्या आणि विचारणारी माणसे आपल्या कामात अत्यंत प्रामाणिक होती. अकरावा शिक्का पडला तेव्हा आठ महिने लोटले होते, आणि आम्ही जी किंमत 'स्वस्त' म्हणून धरली होती त्यापेक्षा कमी किमतीत कोरियन टीव्ही दुकानांत आलेला होता.

ही पद्धत जुनीच होती आणि पूर्वी ती उपयोगी पडत असे, हे मुद्दाम नमूद करतो. काचेच्या पिक्चर ट्यूबचा टीव्ही जुळवणे हे कसबाचे काम होते. रंग, कडा, आवाज या प्रत्येक बाबतीत वर्षांचा अनुभव लागे, त्यामुळे नवख्या कंपनीला तशी प्रतिमा साधत नसे आणि जपानी कंपनीला विचार करायला वेळ मिळे. सपाट पडद्याच्या डिजिटल टीव्हीने ती स्थिती बदलली. पडद्याचे पॅनेल आणि मुख्य चिप विकत घेतली की बराचसा टीव्ही हाती आला. मग शर्यत उरली ती पॅनेल किती स्वस्त आणि किती लवकर बनते याची. शार्पने २००४ साली कामेयामा इथे आणि २००९ साली साकाई इथे पॅनेलचे भव्य कारखाने उभारले. साकाईची काच त्या वेळी जगातली सर्वांत मोठी होती. पण तो कारखाना सुरू झाला तो जागतिक मंदीत, आणि पुढे येन महाग होत गेला. मार्च २०१२ ला संपलेल्या एकाच वर्षात पॅनासॉनिकला ७७,००० कोटी, सोनीला ४५,००० कोटी आणि शार्पला ३७,००० कोटी येनहून अधिक तोटा झाला. २०१६ साली फॉक्सकॉनने शार्पचा दोन तृतीयांश हिस्सा ३८,८८० कोटी येनना घेतला आणि ऑगस्ट २०२४ मध्ये साकाई इथले टीव्ही पॅनेलचे उत्पादन थांबले.

मोबाइलबद्दल थोडक्यात लिहितो. फेब्रुवारी १९९९ मध्ये जपानमध्ये आय-मोड सेवा सुरू झाली आणि लोक फोनवर ईमेल, बातम्या आणि तिकिटे पाहू लागले. २०००मध्ये कॅमेरा असलेला फोन आला आणि २००४ पासून फोन टेकवून दुकानात पैसे देता येऊ लागले. जगाच्या कितीतरी पुढे असलेले हे फोन जपानबाहेर मात्र जवळपास विकलेच गेले नाहीत. फोनमध्ये काय असावे हे तिथल्या सेवा कंपन्या ठरवत, उत्पादक त्यांच्या मागणीनुसार फोन बनवून देत, आणि देशातली बाजारपेठ एवढी मोठी होती की बाहेर पाहण्याची निकड कोणाला भासली नाही. या फोनना पुढे जपानी लोकांनीच जगापासून तुटलेल्या गॅलापागोस बेटांवरून 'गारा-के' हे नाव दिले. जुलै २००८ मध्ये तिथे आयफोन आला तेव्हा आमच्या विभागातल्या एका ज्येष्ठ अभियंत्याने तो हातात घेऊन बराच वेळ पाहिला आणि 'यात पैसे देण्याची सोय नाही, टीव्हीही दिसत नाही' असे म्हणाला. ते खरेच होते.


सांजवारा

सर्वांचे मनापासून आभार. चिपपरीक्षक यांना आणखी एक विचारायचे आहे. डीरॅम हे मूळचे अमेरिकी तंत्रज्ञान होते, ते हातचे गेले असे समजू. पण आज प्रत्येक फोनमध्ये असलेली फ्लॅश मेमरी तर तोशिबातच जन्मली ना? मग तीही का टिकली नाही?


चिपपरीक्षक

हो, ती तोशिबातच जन्मली आणि तिची गोष्ट मला डीरॅमपेक्षाही जास्त लागते. फुजिओ मासुओका या तोशिबातल्या अभियंत्याने १९८४ साली फ्लॅश मेमरीची आणि १९८७ साली तिच्या नँड या प्रकाराची कल्पना जगापुढे मांडली. आजचे पेन ड्राइव्ह, मेमरी कार्ड आणि एसएसडी यांच्या मुळाशी हे नँड आहे. १९९४ मध्ये मासुओका तोशिबा सोडून तोहोकू विद्यापीठात गेले, आणि शोधाच्या योग्य मोबदल्यासाठी त्यांना पुढे कंपनीवर दावा लावावा लागला. २००६ साली तो ८ कोटी ७० लाख येनवर मिटला. नँड कोणत्या आकाराचा धंदा झाला आहे हे लक्षात घेतले तर ही रक्कम किती तोकडी आहे ते कळते.

दरम्यान १९९२ साली तोशिबाने नँडचे तंत्रज्ञान सॅमसंगला परवान्याने दिले होते. आज हे वाचताना हळहळ वाटते, परंतु त्या वेळी त्यामागे विचार होता. एकच उत्पादक असलेली नवी चिप मोठे गिऱ्हाईक स्वीकारत नाहीत. दुसरा पुरवठादार असला की बाजारपेठ वाढते. बाजारपेठ खरोखरच वाढली, आणि तिच्यात पहिला क्रमांक सॅमसंगचा झाला.

मात्र 'टिकली नाही' हे पूर्णपणे बरोबर नाही. योक्काइची इथल्या कारखान्यांच्या बळावर तोशिबा नँडमध्ये जगात दुसऱ्या क्रमांकाच्या आसपास राहिली होती आणि तो विभाग नफ्यातही होता. तो विकावा लागला तो अणुऊर्जेमुळे. २००६ साली विकत घेतलेली वेस्टिंगहाउस ही अमेरिकी अणुभट्टी कंपनी मार्च २०१७ मध्ये दिवाळखोरीत गेली, त्याआधी २०१५ मध्ये तोशिबाच्या हिशेबांतली लबाडी उघडकीस आली होती, आणि तो खड्डा भरण्यासाठी २०१८ साली मेमरीचा धंदा सुमारे दोन लाख कोटी येनना बेन कॅपिटल या अमेरिकी गुंतवणूक कंपनीच्या गटाला विकला गेला. तोच आज किओक्सिया या नावाने चालतो. या एका ठिकाणी तरी परदेशी स्पर्धेने हरवले असे मला म्हणवत नाही. एका विभागातल्या माणसांनी तीस वर्षे राबून उभे केलेले, दुसऱ्या विभागाच्या तोट्यात गेले.


मुक्तअर्थ

या चर्चेत एक बाजू सुटू नये म्हणून पुन्हा लिहितो. जपानी नावे उपकरणांच्या बाहेरून पुसली गेली, आतून नाही. चिप ज्या सिलिकॉन वेफरवर बनते, त्यांचा जगातला सुमारे निम्मा पुरवठा शिन-एत्सू आणि सम्को या दोन जपानी कंपन्या करतात. प्रकाशाने नक्षी उमटवण्यासाठी वेफरवर जो फोटोरेझिस्ट लावतात, त्यातला बहुतांश जपानी असतो, आणि तो लावण्याच्या यंत्रांत टोकियो इलेक्ट्रॉनला तुल्यबळ प्रतिस्पर्धी नाही. फोनच्या कॅमेऱ्यातल्या सेन्सरमध्ये सोनी पहिली आहे. जुलै २०१९ मध्ये जपानने कोरियाकडे जाणाऱ्या केवळ तीन रसायनांवर निर्यात-निर्बंध कडक केले तेव्हा सॅमसंगसह सगळा कोरियन उद्योग हादरला होता.

या कंपन्या का टिकल्या, याचे उत्तर चिपपरीक्षक यांच्या पहिल्या प्रतिसादातच आहे असे मला वाटते. देशातले चिप उत्पादक मागे पडू लागले तेव्हा त्यांनी आपला माल कोरिया आणि तैवानच्या कारखान्यांकडे नेला, तिथे आपली माणसे बसवली आणि त्या गिऱ्हाइकांच्या अडचणी सोडवत राहिल्या. अपवादही आहे. नक्षी उमटवणाऱ्या यंत्रांत निकॉन आणि कॅनन एके काळी जगात सर्वांत पुढे होत्या, पण ती जागा नेदरलँड्सच्या एएसएमएलने घेतली आणि सर्वांत सूक्ष्म नक्षीची यंत्रे आज तिच्याखेरीज कोणीही बनवत नाही.


ओसाकाकर

मुक्तअर्थ यांच्याशी सहमत आहे. सध्या जपान सरकार पुन्हा मोठा पैसा ओतत आहे. तैवानच्या टीएसएमसीचा कारखाना कुमामोतो इथे फेब्रुवारी २०२४ मध्ये उघडला आणि रॅपिडस ही नवी जपानी कंपनी होक्काइदोतल्या चितोसे इथे आयबीएमच्या साहाय्याने २ नॅनोमीटरची चिप बनवण्याच्या खटपटीत आहे. तिला सरकारने एक लाख कोटी येनहून अधिक मदत देऊ केली असून २०२७ मध्ये प्रत्यक्ष उत्पादन सुरू करण्याचा तिचा मानस आहे. कुमामोतोबद्दल मला फारशी शंका नाही, कारण तिथून निघणारी चिप सोनीला आणि मोटार उद्योगाला हवीच आहे. रॅपिडसबद्दल मात्र माझे जुने सहकारी भेटले की मी त्यांना यंत्रांविषयी किंवा नॅनोमीटरविषयी काही विचारत नाही. तिथली चिप नियमितपणे, लाखांनी, कोण विकत घेणार आहे एवढेच विचारतो. त्यांची उत्तरे अजून एकमेकांशी जुळत नाहीत.

जाता जाता एल्पिडाबद्दल. मायक्रॉनने २०१३ साली ती घेतली, पण तिचा हिरोशिमाचा कारखाना बंद केला नाही. तो आजही चालू आहे, तिथे नव्या पिढीच्या डीरॅम बनतात आणि त्या बनवणारे हात बहुतांशी तिथलेच आहेत.